चौदा सेकंदांचे गाव

मित्रांनो, मी कॅमेऱ्याची एक जुनी लाकडी तिवई आहे. तीन पाय असूनही मी आयुष्यात एकदाही चाललेली नाही. मला घडवणारा सुतार कौतुकाने म्हणाला होता, "ही आपल्या सगळ्यांपेक्षा जास्त जगेल." पुढच्याच आठवड्यात तो वारला.

कीव्हच्या स्टुडिओत मी सेव्हेरिन दानिलोविच यांच्या हाती आले. ते लिहीत आणि दिग्दर्शनही करत. त्यांच्या आईचे, मेलानकाबाईंचे गाव द्निप्रो नदीवरच्या नव्या धरणात बुडणार होते. त्याआधी तिथेच, तिथल्याच माणसांना घेऊन त्यांना चित्रपट करायचा होता. हाताशी सहा आठवडे होते. एखादे दृश्य चुकले, तर पुन्हा घ्यायला गाव उरणार नव्हते.

आमच्याकडे चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी शुभशकुन म्हणून तिवईच्या पायावर चिनी मातीची बशी फोडतात आणि जो तो एकेक तुकडा जपून ठेवतो. सामान आणणारे पोर्फिर काटकसरी. फुटणारी बशी कशाला, म्हणून त्यांनी पत्र्याची आणली. ती तीनदा आपटली. बशी ठणठणीत राहिली, टवका माझा उडाला.

"घ्या, आता हा टवका वाटून घ्या!" संकलक लुकिया कडाडल्या. "पोर्फिर, तुमचं डोकं आपटलं असतं, तर फुटलं तरी असतं!"

सगळे हसले, पण जरा कमीच.

चित्रपट वेळेत झाला. गाव वेळेत बुडाले. मग चित्रपट बघायला सरकारी तपासणी मंडळ बसले.

"ही गाय उदास का दिसते?"

"तिचं गाव बुडतंय, कॉम्रेड."

"आनंदी गाय घ्या."

"ती कापली, कॉम्रेड."

"मग त्याआधी हसवायची होती!"

चित्रपटावर बंदी आली. फीत जाळण्याचा हुकूम निघाला. लुकियांनी एक प्रत 'बीटची पेरणी' असे लिहिलेल्या डब्यात दडवली आणि तळघरात माझ्या शेजारी ठेवली. मीही तेव्हा मोडीतच निघाले होते.

पुढची तेवीस वर्षे सेव्हेरिन दानिलोविच खरोखरच बीटच्या पेरणीवर माहितीपट काढत होते. डुकरांच्या खोकल्यावरच्या माहितीपटाला तर पदकही मिळाले. दर वर्षी ते लुकियांबरोबर तळघरात येत आणि डब्यावर हात ठेवत.

"उघडू का गं, लुकिया?"

"नको. कुणी बघेल."

गाव गेल्यापासून मेलानकाबाई शहरात चौथ्या मजल्यावर राहायच्या. "माझं सिनेमातलं काम कधी दाखवतोस रे?" असे विचारायच्या. "पुढच्या वर्षी, आई." बंदीच्या पंधराव्या वर्षी त्या वारल्या.

अखेर बंदी उठली. डबा उघडला, तर व्हिनेगरसारखा आंबूस वास आला. ओलीने फितीचा गोळा झाला होता. मंडळाला जे जमले नाही, ते तळघराने केले. चौदा सेकंद तेवढे सुटे निघाले. त्यात मेलानकाबाई गाठोडे घेऊन निघतात, मागे वळतात आणि फाटकाला नीट कडी लावतात.

"पाणी येणार हे ठाऊक असून कडी?" लुकियांनी विचारले.

"शेजारची डुकरं शिरतात ना," सेव्हेरिन दानिलोविच म्हणाले. "फीत पुन्हा लाव."

सात वेळा लावली. आठव्यांदा फीत तुटली.

मित्रांनो, तो डबा आम्ही माणसांपासून इतका जपला, की त्याला वाराही लागू दिला नाही. तुमच्या घरीही कुणाचे काही झाकून ठेवलेले असेल. वर्षातून एकदा ते उघडा, पुसा, उन्हात धरा. आणि ज्याचे आहे, त्याला ते दाखवा; तो बघायला आहे तोवर.