हो, पण

मी साहेबांच्या टेबलावरची घंटी बोलतेय. त्या सकाळी साहेब ‘आपण’ म्हणाले आणि मी ओळखलं, आज काहीतरी बिनसलंय.

साहेब हाताखालच्या कुणालाच ‘आपण’ म्हणत नाहीत. त्यातून समोर आमची मासोळी, सार्वजनिक तरणतलावावरची जीवरक्षक. गळ्यात शिट्टी, केसांतून पाणी टपटपतंय. एरवी तिला “काय गं मासोळी, आज कोण कोण बुडालं?” असं विचारणारे साहेब म्हणाले, “या. आपण बसून घ्या.”

मी मुळातच घाबरट. अंग पितळेचं, काळीज कागदाचं. कारखान्यात कारागिराने पहिल्यांदा डोक्यावर टिचकी मारली, तेव्हा मी ‘टिंग!’ करून किंचाळले. तो खूश होऊन म्हणाला, “पास!” म्हणजे मला नोकरी लागली ती दचकण्याबद्दल. या टेबलावर तेच करते. एकदा दाबलं की शिपाईकाका, दोनदा दाबलं की चहा. आणि समोरचा फारच बोलायला लागला, तर उगाच एकदा. मग तो आपोआप गप्प होतो.

साहेबांनी मोबाइल पुढे धरला. कुणीतरी तक्रारीसोबत फोटो पाठवला होता. तलावाकाठची उंच खुर्ची, रिकामी.

“ही तुझी... आपली खुर्ची ना?”

“हो.”

“रिकामी आहे ना?”

“हो, पण—”

टिंग!

मी दचकून वाजले, ती दचकून थांबली. पुढे साहेबांनी तिला काय काय सुनावलं ते विचारू नका. मला अजून झिणझिण्या येतात. दुपारी तिच्या हातात कागद पडला. कामावर हजर नसल्याचं कबूल केल्यामुळे सेवा समाप्त.

“अहो, खुर्ची रिकामीच असणार!” शिपाईकाका हेडक्लार्कना म्हणाले. “पोरगी पाण्यात होती. गटांगळ्या खाणाऱ्या पोराला बाहेर काढत होती.”

“मग तिने सांगायचं ना तसं!”

“सांगतच होती. मध्येच ही बया वाजली.”

ही बया म्हणजे मी.

मासोळीने मोठ्या ऑफिसकडे दाद मागितली. तिकडून फोन आला.

“सुनावणी?” साहेब म्हणाले. “झाली की! अहो, चांगलं खडसावून सुनावलं मी तिला!”

फोन ठेवल्यावर हेडक्लार्क खाकरले. “साहेब, सुनावणीत आपण सुनावायचं नसतं. ऐकायचं असतं.”

“मग तिला ऐकणी म्हणा ना! उगीच माणसाचा गोंधळ.”

आज ती ऐकणी आहे. मोठ्या ऑफिसच्या बाई स्वतः येणार आहेत. मासोळी केव्हाची येऊन बसलीय. केस कोरडे. शिट्टी जमा झाली, तरी हात सारखा गळ्याशी जातोय. आईला तिने अजून काही सांगितलेलं नाही, असं मघाशी शिपाईकाकांना म्हणत होती. रोज टॉवेल पिशवीत घालून घरातून निघते आणि कोरडा टॉवेल घेऊन परतते.

वेळ झाली. साहेबांची खुर्ची मात्र रिकामी.

“कुणी आहे का?” तिने विचारलं.

मग तिने माझ्याकडे पाहिलं. बाई गं! त्या बाजूने आजवर माझ्याकडे कुणाचं बोट आलं नव्हतं. ते जवळ जवळ येत होतं.

तुम्हाला एक सांगू? कधी अशा टेबलासमोर बसायची वेळ आली, तर मला बघून गप्प होऊ नका. मला कुठल्याही बाजूने दाबलं तरी मी तेवढीच वाजते.

टिंग!

साहेब धापा टाकत आत आले. “मी कामावरच होतो हं! बाईंना आणायला खाली गेलो होतो. नुसती खुर्ची रिकामी दिसली म्हणून काय—”

आणि तिथेच अडकले. आपलंच बोलणं त्यांच्या कानावर पडलं असावं.

मागून आलेल्या बाई त्या खुर्चीत बसल्या. मला उचलून त्यांनी खिडकीत ठेवलं आणि फाईल उघडली.

“इथे लिहिलंय, तुम्ही ‘हो’ म्हणालात.”

“हो,” मासोळी म्हणाली, आणि सवयीने माझ्याकडे बघत थांबली.

मी गप्प.

“मी ऐकतेय,” बाई म्हणाल्या. “हो, पण?”