सुभेदाराची चुंबळ

लातूर जिल्हा नवा झाला तसे गावात कागद लवकर येऊ लागले. पाणी मात्र त्या दुष्काळात दोन दिवसांनी एकदा, टँकरने. रांगेला शिस्त लागावी म्हणून पंचायतीने हवालदार व्यंकटरावांच्या हाती शिट्टी दिली. फौजेत त्यांनी पंधरा वर्षे रेशनचे कोठार राखले होते. त्यांनी लगेच नियम काढला : आधी माजी सैनिकांची घरं, तीही हुद्द्याप्रमाणं. पहिला हंडा त्यांच्या पत्नीचा, यशोदाबाईंचा.

पंचशीलाचा हंडा बौद्धवाड्याच्या नेहमीच्या जागी, शेवटी. टँकर तळाला गेला की पाण्यात निम्मा गाळ येई आणि तिची मुलगी आठवडाभर जुलाबाने पडून होती. नवरा दगडोबा महिन्यापूर्वीच फौजेतून निवृत्त होऊन आला होता. गावाला तो अजून दगडूच.

तिने त्याचे निवृत्तीचे पुस्तक पुढे केले. "हवालदार, वाचा. सुभेदार लिवलंय."

व्यंकटरावांच्या टाचा आपोआप जुळल्या. कोणापुढे जुळल्या ते ध्यानात येताच सुटल्या.

"हुद्दा दगडूचा हाय. बायकांना कसला हुद्दा? ज्याचा हुद्दा त्यानं हंडा आणावा!"

"मंग यशोदाबाई कोणत्या पलटणीतल्या?"

रांग खो खो हसली. यशोदाबाईंनी हंडा नवऱ्याच्या पायाशी ठेवला. "धरा. मी चालले घरी."

दगडोबा ओट्यावर बुटांना पॉलिश करत होता. "पाणी बायका भरतेत."

"फौजेत चौकीवर कोण भरत होतं?"

"तिथं हुकूम असतो."

"हितं बी हाय. हवालदाराचा."

सुभेदाराला हे फार झोंबले. पण आत पोरगी कण्हली, तसा तो उठला.

पुढच्या टँकरला दगडोबा पहिला, इस्त्रीच्या पँटीत. मागे व्यंकटराव, तोंडात शिट्टी, हातात हंडा. बायका लिंबाखाली बसून बघत होत्या. दगडोबाने पलटणीचा मफलर गुंडाळून चुंबळ केली. ती एका कानावर घसरली.

"मधी घ्या, सुभेदार!" यशोदाबाई ओरडल्या.

भरला हंडा डोक्यावर घेऊन दगडोबा वळला. व्यंकटरावांचा हात सलामीला वर गेला, अर्ध्यात थबकला, मग गाव बघतंय म्हणून डोके खाजवू लागला. दगडोबाने मात्र सवयीने खाडकन उत्तराची सलामी ठोकली. निम्मे पाणी हवालदारांच्या अंगावर.

घरी पंचशीलाने उरलेल्यातले तांब्याभर पाणी उजेडाला धरले. तळ स्वच्छ दिसला. तिने ते मुलीसाठी उकळायला ठेवले, बाकीचे माठात ओतले आणि रिकामा हंडा नवऱ्यापुढे सरकवला.

"टँकर हाय अजून. पळा."