त्या दिवशी मी कुरकुरले नाही

मी ढकलगाडी बोलतेय. इस्पितळाच्या लांबलचक बोळात तुम्ही कधीतरी अंग चोरून मला वाट दिली असेल आणि "काय मेली कर्कश ओरडते!" म्हणत कानावर हात ठेवला असेल. तीच मी. आज तोंड वर करून बोलायची लाज वाटतेय खरी, पण गप्प बसून जे झालं ते पुरे झालं.

मला जोडलं तेव्हापासूनच माझं पुढचं डावं चाक हट्टी. कारागिरानं मला एक फेरी मारून पाहिलं आणि म्हणाला, "ही बोलकी निघणार!" माणूस जिभेचा खरा निघाला. मी ओझ्याप्रमाणे बोलते. हलकं असलं की कुणकुण, जड असलं की बोंबाबोंब.

इस्पितळात माझे दोन धनी. सकाळी भांडारातला भाऊ आणि दुपारनंतर धुलाईखान्यातली ताई. आख्खं इस्पितळ त्यांना याच नावानं हाक मारायचं, पण ते होतेच सख्खे भाऊबहीण. धाकट्याला इथं चिकटवायला ताईच साहेब लोकांच्या हातापाया पडली होती.

भाऊ माझ्यावर सलाईनची खोकी रचायचा. खोकी बिचारी शहाणी, ठेवली तशी बसतात. ताई ओल्या चादरी टाकायची. ओला कपडा काय चीज असते ते मला विचारा! एकीकडे कलतो, गळतो, आणि त्यात वाळवणीच्या खोलीकडे जाणारी ती चढण. भाऊचं औषध चुकीच्या वॉर्डात गेलं तर कुणाच्या तरी जिवाशी गाठ. ताईच्या चादरीत एखादी सुई राहिली, किंवा साथीच्या खोलीतले कपडे बाकीच्यांत मिसळले, तरीही जिवाशीच गाठ. पण कागदोपत्री भाऊचं काम "कुशल" आणि ताईचं "साधं". तिच्या पगाराचं पाकीट भावाच्या पाकिटाशेजारी आजारी दिसायचं.

"काम वेगळं, म्हणून पगार वेगळा," असं सगळे म्हणायचे. काम वेगळं होतंच की, मी कुठं नाही म्हणते? पण माझी पाठ एकच होती आणि तिच्यावर पडणारं ओझं मला कळत होतं.

शेवटी धुलाईखान्यातल्या बायकांनी सारख्या पगारासाठी अर्ज केला. दोन्ही कामं ताडून बघायला समिती नेमली गेली. ताईची निवृत्ती जवळ आली होती, आणि शेवटच्या पगारावर पेन्शन ठरणार होतं. ती मैत्रिणींना म्हणायची, "मला बंगला नको गं बांधायला. म्हातारपणी भावाच्या दारात हात पसरायला लागू नये, एवढंच."

समिती येणार म्हटल्यावर बायकांनी काय केलं असेल? आवराआवर! पाहुणे यायचे म्हणजे घर लख्ख हवं, ही सवय काही सुटते होय? फरशी घासली. गाठोडी आधीच निवडून सुया बाजूला काढल्या. वास येऊ नये म्हणून दारंखिडक्या उघडल्या. "भरगच्च गाडी बरी दिसत नाही," म्हणून माझ्यावर निम्म्याच चादरी ठेवल्या. आणि ताईनं माझ्या हट्टी चाकात तेल सोडलं. "आज लाज राख गं बाई," म्हणाली.

मी राखली! मेलीनं कशी राखली बघा. आयुष्यात पहिल्यांदा मी आवाज न करता चढण चढले. समितीचे साहेब कौतुकानं बघत होते. "वा! काम कसं अगदी हलक्या हातानं चाललंय." पेन लगेच कागदावर टेकलं. मला ओरडायचं होतं हो, पण तेलात बुडालेलं चाक ओरडतंय कुठलं?

मग त्यांनी भाऊला विचारलं, "तुम्हीही हीच गाडी ढकलता. तुम्हाला काय वाटतं?"

भाऊच्या बाजूला भांडारातले सोबती उभे होते. त्यांच्याकडे एकदा बघून तो म्हणाला, "आमच्या कामाला जबाबदारी लागते, साहेब. धुणं काय, घरोघरी होतंच."

ताई मागेच चहाचा ट्रे घेऊन उभी होती. कप हिंदकळले. चहा मात्र तिनं सांडू दिला नाही. आपलेच दात, आपलेच ओठ, सांगायचं कुणाला?

निकाल आला: साधं, हलकं काम. ताई माझ्या दांड्याला टेकून बसली. "जळलं मेलं माझं लक्षण! पाहुणचार करायला गेले आणि स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेतला." तिनं मला बोल लावला नाही. लावला असता तर बरं वाटलं असतं.

बोलणाऱ्याची माती विकली जाते, न बोलणाऱ्याचे गहू विकले जात नाहीत, असं म्हणतात. ताईनं पुन्हा अर्ज केला, आणि समिती पुन्हा यायची ठरली. मधल्या काळात भाऊ बहिणीसमोर यायचा नाही. मला दाराशी सोडायचा आणि पाठ फिरवायचा.

दुसऱ्या भेटीच्या दुपारी मात्र तो दारातच घुटमळला. हातात तेलाचा डबा होता.

"ताई, चाकात तेल घालू का?"

एवढंच म्हणाला. पण त्या आवाजात माफी होती, ते तिला कळलं आणि मलाही. ताईचा हात सवयीनं झाडूकडे गेला होता. तो तिनं मागे घेतला.

"नको. रोजच्यासारखी ओरडू दे तिला."

त्या दिवशी चादरी रोजच्याएवढ्या पडल्या. निवडायच्या गाठोड्यात सुई निघाली, ती साहेबांच्या देखतच. आणि चढणीवर मी असा काही गळा काढला की साहेबांनी कानात बोटं घातली. "अहो, मागच्या वेळी ही गप्प होती! आजच काय झालं?"

भांडारातले लोक जमिनीकडे बघत होते. मग भाऊ पुढे आला. त्याचे कान लाल झाले होते.

"ही रोजच ओरडते, साहेब. त्या दिवशी तेल घातलं होतं. आणि धुणं घरोघरी होतं असं मी म्हणालो होतो, ते खोडा. आमच्या घरी ते ताईच करायची. माझं सगळं हिनंच धुतलंय. मला काय कळणार त्याचं ओझं?"

ताईनं मला पुढे ढकललं. तेव्हा भाऊनं दांड्याला हात लावला, आणि तिनं लावू दिला.

निकाल अजून लागलेला नाही. मी बोळात उभी आहे, हट्टी चाकासकट. उद्या कुणी माझ्यात तेल घातलं तर मी नको म्हणणार नाही, माझेही सांधे दुखतात हो. पण हात जोडून एक विनंती आहे. मी गप्प दिसले, तर लिहिण्याआधी एकदा माझ्या पाठीवर काय आहे ते उचलून बघा.