मी पूर्वेच्या सीमेवरचा बुरूज

मी एक बुरूज बोलतोय. दगडाचा नव्हे, चुन्याचाही नव्हे. इंदुरीच्या गढीचे बुरूज बघायला लोक येतात, त्यांच्यापुढं उभं राहून फोटो काढतात. माझ्यापुढं आजवर कुणी फोटो काढलेला नाही, कारण मी संगणकावरच्या एका खेळात राहतो. खेळात माझं इंग्रजी नाव लांबलचक आहे. अर्थ एवढाच, की शत्रूनं अण्वस्त्र सोडलं तर ते जमिनीवर पडायच्या आत हवेतच फोडायचं. माझा मालक संदेश मला बुरूज म्हणतो, म्हणून मीही स्वतःला तेच म्हणतो.

माझं काम सोपं आणि भयंकर कंटाळवाणं आहे. आमचा खेळ आळीपाळीचा. एकानं आपली चाल पुरी करायची, मग दुसऱ्यानं. तोवर सगळी दुनिया आहे तिथं खोळंबून राहते, जहाज भर समुद्रात, बैल अर्ध्या वावरात. माझ्या आसपासच्या, नकाशावरच्या तीन घरांत अण्वस्त्र शिरलं की माझा मारा आपोआप सुटतो. मला कुणी विचारत नाही आणि मीही कुणाला विचारत नाही. हे ध्यानात ठेवा, नंतर मला बोल लावताना उपयोगी पडेल.

संदेश वडिवळ्याचा. घरची भातशेती करतो आणि खंडाळ्याच्या एका हॉटेलात पंप, जनरेटर, गीझर सांभाळतो. त्याची धाकटी बहीण प्रेरणा इंदुरीला दिलेली, तळेगावात औषधांच्या दुकानात कामाला जाते. खेळ ह्या दोघांचा. त्यांचे वडील बजरंगआबा खंडाळ्यातल्या एका बंगल्याची राखण करायचे. बंगल्याच्या मालकानं नवा संगणक घेतला तेव्हा जुना आबांना दिला, आणि त्यात हा खेळ होता. दोघा भावंडांनी इंग्रजीचा गंध नसताना नुसती चित्रं बघून तो शिकून घेतला. पुढं लग्नं झाली, पोरंबाळं झाली, पण खेळ सुटला नाही. आता ती तिच्या लॅपटॉपवरून चाल पाठवते, हा त्याच्या.

चालीबरोबर दोन शब्द लिहायला खाली एक चौकट असते. "दादा, जेवलास का?" "आईचा गुडघा कसा हाय?" "घाटात धुकं हाय, गाडी हळू चालव." राज्य चालवायला ह्याचा काडीचा उपयोग नाही, पण माझ्या मते खरा खेळ त्या चौकटीतच चालला होता. दोघं समोरासमोर आली की पाऊसपाणी बोलून गप्प व्हायची. मनातलं जे काही एकमेकांना सांगायचं ते त्या चौकटीतून. ती बंद पडली असती तर त्यांच्यात नात्याचं नुसतं नावच उरलं असतं.

आमच्या दुनियेत पश्चिमेला समुद्र आहे आणि पलीकडं शत्रू. त्याच्या बाजूनं संगणक स्वतःच खेळतो आणि त्याच्याजवळ अण्वस्त्रांचा मोठा साठा आहे. संदेशचं राज्य समुद्राला लागून. प्रेरणाचं त्याच्या पूर्वेला, आणि खाली वळसा घालून एका बंदरापर्यंत. दोघांचा दोस्तीचा करार. मावळातल्या माणसाला पश्चिम म्हणजे काय ते शिकवावं लागत नाही. पाऊस घाटावरून वाऱ्याबरोबर तिरका येतो, म्हणून मृगाच्या आधी घरोघरी पश्चिमेची भिंत झाकतात. कुणी ताडपत्री बांधतं, कुणी पेंढा, कुणी पुढाऱ्याच्या वाढदिवसाचा जुना फ्लेक्स उलटा करून. पूर्वेची भिंत उघडीच असते, कारण तिकडून माणसांची ये-जा. दोघांनी खेळातही तेच केलं. शहराशहरात लोकांना लपायला भुयारं खणली, फौज एका जागी न ठेवता पांगवली, आणि बुरूज सगळे पश्चिमेला बांधले. ह्यात प्रेरणाचं डोकं जास्त चालायचं.

एकदा पश्चिमेकडून खरंच दोन अण्वस्त्रं आली. संदेशच्या राजधानीतला बुरूज तेव्हा अर्धाच बांधून झाला होता. प्रेरणानं आदल्या चालीत आपल्या बंदरातला बुरूज उचलून त्याच्या राजधानीशेजारी आणून ठेवला होता. राजधानी वाचली आणि तिचं बंदर जळून गेलं. संदेशनं फोन केला.

"बंदर कशाला घालवलंस गं?"

"तुजी राजधानी गेली असती तर मी एकटीनं कुणाशी खेळू?"

मी तेव्हा जन्मलो नव्हतो, ही हकिगत मला थोरल्या बुरुजांकडून कळली. ते ती अजूनही अभिमानानं सांगतात.

माझा जन्म बजरंगआबा गेले त्या दिवसांतला. दहाव्यापर्यंत प्रेरणा माहेरीच होती. भेटायला येणाऱ्यांची रीघ लागलेली, आणि ती सकाळपासून चुलीपुढं, चहाचं आधण उतरतच नव्हतं. शेजारचे भिमाजी येऊन ओट्यावर बसले. त्यांच्या बहिणीनं आपला वाटा घेऊन पुण्याच्या कुणाला विकला, त्यानं भिंत घातली, फाटक लावलं, आणि भिमाजींना स्वतःच्या विहिरीवर जायला आता ओढ्याकडून वळसा पडतो. ते हळू आवाजात म्हणाले, "सातबाऱ्यावर बहिणीचं नाव चढलं की वाट बंद झाली म्हणून समज. तू आताच सावध ऱ्हा." संदेश काही बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं. पण भीती मनात शिरली की हा माणूस बोलत नाही, काहीतरी बांधतो.

त्याच दुपारी त्यानं लॅपटॉप उघडला. पूर्वेच्या सीमेवर त्याचं एक किरकोळ गाव आहे, नाव त्यानंच ठेवलेलं, खळं. तिथं धान्य साठवतात, बाकी काही नाही. त्या गावात त्यानं माझा पाया घातला. पूर्वेला दुसरं कुणीच नव्हतं, फक्त बहीण. इतक्यात ती चहा घेऊन आली आणि त्यानं झाकण खाली केलं.

"चाल पाठवलीस व्हय?"

"पाठवतो."

पाठवली, पण चौकटीत काही लिहिलं नाही. बहीण घरातच होती, लिहायचं कुणाला?

मी उभा राहिलो आणि मग मला सगळे विसरले. मित्राच्या गावात काय बांधलंय ते दुसऱ्याला दिसत नाही, त्यामुळं प्रेरणाला माझा पत्ता नव्हता. संदेशलाही माझी आठवण नकोशी असावी, कारण खळ्यावरून तो माउसचा बाण झरकन पुढं न्यायचा. मी तीन-चार पावसाळे तिच्या मुलखाकडं तोंड करून काढले. तिनं आमच्या सीमेपर्यंत रस्ता बांधला. दुष्काळाच्या चालीत त्याच रस्त्यानं धान्याच्या गाड्या आमच्याकडं पाठवल्या. त्या माझ्या पायाशीच रिकाम्या झाल्या. मला अवघडल्यासारखं व्हायचं. पहारा द्यायचा तर कुणावर, हे मला अखेरपर्यंत उमगलं नाही.

गेल्या वर्षी भाताच्या झोडणीला प्रेरणा वडिवळ्याला आली. सगळे अंगणात जेवायला बसले असताना म्हणाली, "दादा, धरनाकडच्या तुकड्यात मला दोन गुंठं दे. इकायला न्हाई. एक खोली बांधीन. सुट्टीला येऊन ऱ्हाईन, आईलाबी माज्याजवळ ठेवीन."

संदेश भाकरी मोडत राहिला. "बघू," म्हणाला.

त्या 'बघू'चं पुढं काही झालं नाही. त्याला भिमाजींच्या विहिरीची वाट दिसत होती आणि तिला त्याचं खाली गेलेलं तोंड. तिनं चालीबरोबर विचारलं, "दादा, रागावलास का?" चाल परत आली, चौकट कोरी. तिनं पुन्हा विचारलं, पुन्हा कोरी. ओळीनं सगळ्या चाली तशाच गेल्या. मी सैनिकी बाण्याचा आहे, रडणं मला शोभत नाही, पण त्या दिवसांत आमच्याकडं बघवत नव्हतं.

मग एका रविवारी दुपारी तिनं आमच्यावर अण्वस्त्र सोडलं.

होय, तिनं. पश्चिमेच्या धाकासाठी दोघांनीही थोडी ठेवली होती, त्यातलं एक. रोख खळ्यावर होता. माणूस नाही, फौज नाही, नुसती कोठारं. असल्या मोकळ्या गावावर कुणी अण्वस्त्र वाया घालवतं का, असा विचार मी नंतर केला. त्या क्षणी विचार करणं माझ्या हाती नव्हतं. ते माझ्या तीन घरांत शिरलं आणि माझा मारा सुटला. एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच. अस्त्र आकाशातच फुटलं, खळ्याच्या कोठाराचं एक कौलही हललं नाही. माझ्या जातीच्या बुरुजानं आयुष्यात याहून चोख काम कुठलं करायचं?

पण आमच्या खेळाला एक खोड आहे. कुठल्या बुरुजानं मारा अडवला की त्याच्यावरचा पडदा कायमचा उठतो आणि नावाची पाटी दोघांनाही दिसते. कुणी बांधलं, कितव्या चालीत बांधलं, सगळं.

फोन वाजला तेव्हा संदेश लॅपटॉप उघडाच ठेवून खंडाळ्याला जायच्या तयारीत होता.

"दादा, खळ्याचा बुरूज कवा बांधलास?"

"कुटला?"

"माज्याकडं तोंड केलेला."

"असाच. गेम हाय ती."

"पाटीवर हाय कितवी चाल ते. मी मागच्या सगळ्या चाली काढून बघितल्या. ह्या आताच्या कोऱ्या चाली सोडल्या तर तेवढ्याच चालीला तू काय लिवलं नव्हतंस, कारन मी तुज्याच घरात व्हते. आबा जाऊन आठवडा झाला नव्हता. मी चा करत व्हते, दादा."

संदेश खाटेवर बसला. "आन् तू बाँब टाकलास त्याचं काय?"

"मोकळ्या गावावर टाकला. तू चिडशील, फोन करशील, चार शिव्या देशील म्हनून टाकला. दुसऱ्या कशानं बोलतच नव्हतास. तू नुस्तं न्हाई म्हनला असतास, तरी मी गप बसले असते."

त्याच्या ओठांवर भिमाजींची भिंत आली होती, मी बघितलं. 'मला भ्या वाटलं' एवढंच म्हणायचं होतं. तो म्हणाला, "तुला काय कळायचं त्यातलं?"

"कळलं आता," प्रेरणा म्हणाली. "दोन गुंठं नकोत मला. माजा वाटा जो निघंल तो निघू दे. मोजनी लावते."

आतून त्याची आई, सरुबाई, दारात येऊन उभी होती. तिनं काय झालं ते विचारलंही नाही. "तिला एक शब्द द्यायचा व्हता," म्हणाली, "त्यो बी जड झाला तुला."

मोजणी झाली. धरणाकडचा अर्धा तुकडा तिच्याकडं गेला. त्या दिवशी ती बांधावर उन्हात उभी राहिली, वहिनीनं नेलेलं पाणी प्यायली आणि घरात न येता इंदुरीला परत गेली. हे मला संदेशच्या तोंडून कळलं. तो हल्ली लॅपटॉप उघडून आपल्याशीच पुटपुटतो.

तिनं आपली चाल मात्र पाठवली होती, चौकट कोरी ठेवून. आता चाल त्याची होती. कामावरून आला की तो खेळ उघडायचा आणि सगळं सोडून माझ्यापाशी यायचा. माझ्या पाटीखाली 'मोडा' अशा अर्थाचं एक इंग्रजी बटण आहे. ते दाबलं की खेळ विचारतो, बुरूज कायमचा मोडायचा का, हो की नाही. तो 'हो'वर बाण नेऊन तसाच बसून राहायचा.

तुमच्यातलं कुणी वडिवळ्याला गेलंच, तर त्याला माझा निरोप सांगा. म्हणावं, मोड मला. मला दुखायचं नाही. माझी जागा मोकळी झालेली तिला तिकडून दिसेल, पाटी वाचायला येईल तेव्हा पाटीच नसेल. कदाचित ती चौकटीत दोन शब्द लिहील. मी अडवलेलं ते अण्वस्त्र नव्हतंच. बहिणीनं दार वाजवलं होतं, आणि दार माझ्या ताब्यात नव्हतं.

काल संध्याकाळी त्यानं पुन्हा 'मोडा' दाबलं. खेळानं विचारलं. बाण 'हो'वर गेला, बराच वेळ राहिला, आणि मग त्यानं 'नाही' दाबलं. चौकटीत त्यानं 'प्रेरणा' एवढं लिहिलं आणि तेही पुसून टाकलं. मग माझ्या शेजारी, तिच्याकडंच तोंड करून, त्यानं दुसऱ्या बुरुजाचा पाया घातला आणि चाल पाठवून दिली.