साबणाचा हात

"शेवटच्या पानावर बघा ना," मी म्हणाले. "आभाराच्या पानावर तरी असंल."

पुण्याच्या बाईंनी पान काढलं. मूर्तिकार आप्पासाहेबांवरचं ते पुस्तक त्यांनीच लिहिलेलं, त्यामुळे पान लगेच सापडलं. आप्पासाहेबांचे गुरुजी, दिल्लीचे कोण कोण साहेब, फोटो काढणारे, छापणारे, सगळे होते. आप्पासाहेबांच्या कुत्र्याचंसुद्धा नाव होतं, ते म्हणे स्टुडिओत सोबतीला बसायचं. बाईंनी बोट खालपर्यंत नेलं आणि पुस्तक मिटलं.

"कय्युमभाईंचं राहिलं वाटतं," त्या म्हणाल्या.

राहिलं म्हणे. एकतीस वर्षं माझा नवरा, कय्युम, आप्पासाहेबांचे साचे काढत होता. आप्पासाहेब मूर्ती करायचे मातीत. ओली माती किती दिवस टिकणार? तिच्यावर प्लास्टरचा साचा चढवायचा, तो तुकड्या-तुकड्यांनी सोडवायचा, तुकडे परत जोडायचे आणि आत नवं प्लास्टर ओतायचं, तेव्हा कुठं मूर्ती उभी राहते. ते सगळं कय्युमचं काम. त्या धुळीनंच त्याची छाती भरली आणि चार वर्षांपूर्वी तो गेला. आणि पुस्तकात कुत्रं.

मी पुस्तक ओढून घेतलं. चौथीपर्यंत मराठी शाळेत शिकले आहे मी, वाचता येतं मला. एका फोटोत आप्पासाहेब साच्याला हात लावून उभे होते आणि कडेला कुणाचं तरी कोपर आलं होतं. बाकीचा माणूस कापलेला. त्या कोपराला मी तेल चोळलेलं आहे, मला ओळखू येणार नाही का? खाली छापलं होतं, 'मातीपासून ओतकामापर्यंतचा प्रत्येक टप्पा आप्पासाहेब स्वतःच्या हातांनी करतात.'

आप्पासाहेब माझ्याच बाजेवर बसून माझाच चहा पीत होते. पंचाहत्तरी उलटली तरी माणूस ताठ.

"साहेब, तुम्ही तरी सांगायचं यास्नी," मी म्हणाले.

"अगं जमिला, घर बांधल्यावर पाटीवर गवंड्याचं नाव असतं का? कय्युम माझ्या भावासारखा होता. त्याला नावाचा सोस नव्हता."

हे खरं होतं, म्हणून जास्त झोंबलं. मी कधी बोलले की कय्युम म्हणायचा, "नाम क्या चाटना है, जमिला? काम बोलता." निजामाचं राज्य गेलं त्या पोलीस ॲक्शनच्या साली जन्मलेला माणूस. लहानपणापासून आईनं एकच शिकवलेलं, मान खाली घालून राहायचं. तो राहिला. मी कय्युम नाही.

"दुसऱ्या आवृत्तीत बघू," आप्पासाहेबांनी कप खाली ठेवला. "साचा काढ आता."

त्यासाठीच ते चिकलठाण्याहून पडेगावात माझ्या दारी आले होते. त्यांनी त्यांच्या आईचा, चतुराबाईंचा, चेहरा घडवला होता. त्यांचं सगळ्यात नावाजलेलं काम. मुंबईच्या प्रदर्शनाला नेताना तो पुतळा फुटला. मूळ माती कधीच मोडलेली, चतुराबाईंना जाऊन वीस वर्षं झालेली. आता तो चेहरा जगात एकाच ठिकाणी होता, माझ्या माळ्यावर, कय्युमनं गोणपाटात बांधून ठेवलेल्या साच्यात. आप्पासाहेब तो स्वतः ओतणार आणि बाई त्याची फिल्म घेणार, असं ठरलं होतं.

आता माझं सांगते. प्लास्टरच्या साच्यात प्लास्टर ओतायचं तर आतून साबणाचे तीन हात द्यावे लागतात आणि वर तेलाचा एक. नाहीतर नवं प्लास्टर जुन्याला धरतं आणि दोन्हीचा मिळून एक धोंडा होतो. हे आप्पासाहेबांना ठाऊक नव्हतं असं नाही, इतके शिकलेले ते. पण तीस वर्षं ते यायच्या आत साबण लावून झालेला असायचा. लावायचे मी. लावून झाला की दारातून सांगायचे, "लावला, साहेब." ते मान हलवायचे. त्यांच्या लेखी साबण साच्याला आपोआप यायचा, झाडाला पालवी यावी तसा.

त्या सकाळीही मी उठून साबण किसला, शिजवला आणि पातेलं चुलीशेजारी झाकून ठेवलं. मनाशी ठरवलं होतं, पुस्तकात कय्युमचं नाव असेल तर लावायचा. नसेल तर नाही.

साचा अंगणात आणून मी उघडला. पाच तुकडे. आत चतुराबाई, उलट्या, खोलगट, तरी कपाळावरचं गोंदण ओळखू येत होतं. मन जरा डगमगलं, खोटं कशाला बोलू? त्या बाईच्या घरात माझ्यासाठी वेगळी कपबशी नव्हती. आप्पासाहेब प्यायचे त्याच कपात मला चहा. साबणानं माझे हात फुटायचे तर म्हणायच्या, "आण गं पोरी इकडं," आणि लोणी चोळायच्या. मुलाचं काय ते मुलाशी, आईनं काय केलंय माझं?

मी आत गेले. पातेल्यावरचं झाकण काढलं, ब्रश हातात घेतला. तेवढ्यात अंगणातून आप्पासाहेबांचा आवाज आला. कॅमेऱ्याला सांगत होते, "हा साचा मी शहात्तर साली काढला. आठ दिवस लागले मला."

मला.

मी झाकण परत ठेवलं आणि बाहेर येऊन दारात उभी राहिले.

आप्पासाहेबांनी तुकडे जुळवले, दोरीनं आवळले, फटी मातीनं लिंपल्या. एकदा दाराकडं बघून मान हलवली. मी काहीच बोलले नव्हते, तरी हलवली. इतकी वर्षं मी काय सांगत होते ते त्यांना ऐकूच येत नव्हतं, हे मला त्या दिवशी कळलं. मग त्यांनी घमेल्यात प्लास्टर कालवलं आणि ओतलं. हात चांगला चालला, नाव ठेवणार नाही.

प्लास्टर तापलं, निवलं. तासाभरानं त्यांनी दोरी सोडली आणि फटीत लाकडी पाचर घालून टकटक केलं. साचा हलला नाही. जोरात ठोकलं. कडेचा टवका उडाला, त्याला आतलं नवं प्लास्टर चिकटून आलं. आप्पासाहेबांनी तो टवका हातात घेऊन उलटापालटा केला आणि माझ्याकडं बघितलं.

"जमिला, साबण?"

"काय साहेब?"

"साबण लावला नव्हतास तू?"

"तुमच्या पुस्तकात लिहिलंय ना, समदं तुम्हीच करता. म्हणलं, लावला असंल."

बाईंचा कॅमेरा चालूच होता. त्या कधी आप्पासाहेबांकडं बघत होत्या, कधी माझ्याकडं. आप्पासाहेब टवका हातात धरून खाली बसले. ते ओरडतील म्हणून मी तयारी ठेवली होती. इतक्या वर्षांचं सगळं ओठांवर होतं माझ्या. पण ते ओरडले नाहीत.

"माझी आई होती गं त्यात," ते म्हणाले.

"व्हय. आन् माझा नवरा व्हता."

गाडीत बसताना बाईंनी वही काढून विचारलं, "कय्युमभाईंचं पूर्ण नाव काय?" मी सांगितलं. त्यांनी लिहून घेतलं. छापतील न छापतील.

गाडी गेल्यावर मी धोंड्याजवळ बसले. वाटलं होतं, आज पोटातली आग थंड होईल. झाली, नाही कशाला म्हणू? पण साच्याच्या पाठीवर कय्युमनं प्लास्टर दाबताना उमटलेली चार बोटं आहेत, त्यांत मी माझी बोटं घालून बघितली आणि मला रडू आलं. आता तो साचा कधीच उघडणार नव्हता, आप्पासाहेबांना नाही आणि मलाही नाही. लोणी चोळणारी बाई मी माझ्या हातानं आत कोंडली होती.

अंगणात तीन कपबश्या पडल्या होत्या. पातेल्यातला साबण थंड होऊन थिजला होता. मी तो मूठभर घेतला आणि आधी आप्पासाहेबांचा कप धुवायला काढला.