दिवेलागणीच्या आत परत

तळेगावच्या वाचनालयाबाहेरच्या फळ्यावर माधवरावांनी खडूनं लिहिलेली सूचना मी वाचली आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. सूचना तशी साधी होती. येत्या रविवारी पवन मावळातल्या प्राचीन देवीमंदिराच्या अवशेषांची सहल. कामशेत स्टेशनपासून बैलगाड्यांची सोय. माहिती सांगणार स्वतः माधवराव. आणि खाली ठळक अक्षरांत लिहिलं होतं : 'रस्ता सुखाचा. स्त्रियांनीही यावयास हरकत नाही. दिवेलागणीच्या आत परत.'

मी आत जाऊन चिटणीसांना दोन नावं लिहून घ्यायला सांगितली, एक माझं आणि एक माझ्या मैत्रिणीचं. मैत्रिणीचं नाव काय म्हणून त्यांनी विचारलं, तेव्हा ते ती आल्यावर सांगेल म्हटलं. मी मुलींच्या शाळेत मास्तरीण आहे. त्यामुळे गावात मला उलट प्रश्न विचारायच्या भानगडीत सहसा कोणी पडत नाही. आमच्या घरी तर माझ्या तोंडाला तोफखानाच म्हणतात.

मैत्रीण म्हणजे माधवरावांची सख्खी थोरली वहिनी, पद्मावहिनी. त्यांच्या आणि आमच्या घरात एकच भिंत आहे, आणि ती फार जाड नाही. पद्मावहिनींचे यजमान पोस्टात होते. एका पावसाळ्यात त्यांना विषमज्वर झाला. डॉक्टरांनी मान हलवली तेव्हा पद्मावहिनी पवन मावळातल्या, घराण्याच्या मूळ गावातल्या याच देवीला नवस बोलल्या : हे उठून बसू देत, तुझी ओटी भरीन. ते उठून बसले. एवढंच नव्हे, कामावर जाऊ लागले. पद्मावहिनींनी हिरवा खण आणून ट्रंकेत ठेवला आणि दिराला म्हणाल्या, भाऊजी, तुम्ही त्या बाजूला नेहमी जाता, आम्हाला एकदा घेऊन चला.

माधवराव म्हणाले, ती वाट रानाची आहे. दोन मुक्काम पडतात. नदीला उतार नसतो, बायकामाणसांचं ते काम नव्हे. बघू पुढच्या वर्षी.

घरातलं दुसरं कोणी त्या गावी कधी गेलेलं नव्हतं आणि माधवराव जुन्या देवळांतले जाणकार म्हणून प्रसिद्ध, तेव्हा त्यांचा शब्द घरात प्रमाण. भावानं तो मानला, आईनं मानला. पुढचं वर्ष तीनदा आलं. मग एका सकाळी पद्मावहिनींचे यजमान आंघोळीला गेले आणि मोरीतच कोसळले. तेराव्याची पानं उचलायच्या आत सासूबाई, म्हणजे अंबूबाई, सगळ्यांदेखत म्हणाल्या, देवीचा नवस फेडायचा ठेवलास, तिनं आपलं माणूस परत नेलं.

हे वाक्य त्या एकदा बोलून थांबल्या असत्या तर दुःखात माणूस काहीही बोलतो म्हणून मीही सोडून दिलं असतं. पण दूध उतू गेलं तरी तेच, दळण जाडं आलं तरी तेच. भिंतीपलीकडून मी ते पाच वर्षं ऐकत होते. माधवरावही ऐकत होते. आपण नेलं नाही म्हणून नवस राहिला, एवढे शब्द त्यांच्या तोंडून कधी आले नाहीत. आणि आता तेच गृहस्थ परक्यांना सांगत होते की रस्ता सुखाचा आहे.

रविवारी पद्मावहिनी मला सोबत म्हणून येतायत एवढंच मी अंबूबाईंना सांगितलं. कुठं ते त्यांनी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

कामशेतला गाडीतून उतरल्यावर माधवरावांनी वहिनींना पाहिलं आणि त्यांचा चेहरा उतरला. पण फलाटावर मंडळी जमलेली होती. लोणावळ्याच्या बंगल्यातल्या एक काकू छत्री घेऊन आल्या होत्या, पुण्याचे दोघे वकील गळ्यात कॅमेरे अडकवून उभे होते, शिवाय तळेगावची चारदोन कुटुंबं. एवढ्यांसमोर काय बोलणार? वहिनी, तुम्हीही का, एवढं म्हणून ते गाड्या मोजायला गेले.

भाताची कापणी होऊन गेली होती. खाचरांत नुसती बुडखं उरली होती आणि बांधाबांधानं पेंढ्याच्या गंजी उभ्या होत्या. गाड्या खिंड चढून पलीकडे उतरल्या. मी रानाची वाट बघत होते, पण रान काही आलं नाही. वाटेत एक शाळा लागली, एक दुकान लागलं, डोक्यावर पाट्या घेतलेल्या बायका बाजाराला जाताना दिसल्या. मग नदी आली. बैलांनी मान खाली घातली आणि पाणी पीत पीतच ती ओलांडली. गाडीचा आसही भिजला नाही.

पद्मावहिनी वळून त्या पाण्याकडे बघत राहिल्या.

"हीच का ती नदी?" त्यांनी मला हळूच विचारलं.

हीच, असं गाडीवानानंच सांगितलं. मांडीवरची पिशवी वहिनींनी दोन्ही हातांनी घट्ट धरली. त्या पिशवीत काय आहे ते मला माहीत होतं.

देऊळ मात्र खरोखर पाहण्यासारखं होतं. अर्धं शिखर ढासळलेलं, मंडपाचे काही खांब उभे, काही आडवे, आणि चौथऱ्याच्या फटीतून उंबर उगवलेला. माधवराव पुढे झाले आणि त्यांच्या आवाजाला धार आली. कीर्तिमुख कशाला म्हणतात, चुना न वापरता दगड कसे बसवले, सगळं त्यांनी सांगितलं, आणि चांगलं सांगितलं हे मला कबूल केलं पाहिजे. मंडळी माना डोलवत पायांतल्या बुटांसकट गाभाऱ्यापर्यंत आली. तिथं झुंबरबाई म्हणून गावातली एक म्हातारी बाई केरसुणी घेऊन बसली होती. देवीची झाडलोट, दिवाबत्ती तीच बघायची. तिनं सगळ्यांच्या पायांकडे बघितलं आणि केरसुणी बाजूला ठेवली.

देवीचं नाक उडालेलं होतं. चारी हात खांद्यापासून तुटलेले. पण अंगावर ताजं कुंकू होतं आणि पायाशी झेंडूची फुलं. माधवरावांनी हातातल्या छडीचं टोक देवीच्या छातीवर टेकवून अलंकार दाखवायला सुरुवात केली. शेंदूर-कुंकवाचे थर चढवून गावकरी शिल्पाचा कसा नाश करतात तेही सांगितलं. त्यांच्या स्वतःच्या घराण्याची देवी ती. त्यांचे आजोबा तिच्यापुढे लोटांगण घालत असतील, आणि नातू फळ्यावरचा नकाशा दाखवावा तशी छडी टेकवत होता. लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, ही म्हण मी मुलींना दरवर्षी शिकवते. त्या दिवशी ती मला समोर उभी दिसली.

बोलणं संपत आलं तशा पद्मावहिनी पुढे झाल्या. त्यांनी पिशवीतून खण काढला, नारळ काढला, तांदळाची पुरचुंडी काढली. खण इतकी वर्षं घडीत राहून घडीवर विटला होता.

माधवराव थांबले. मग मंडळींना उद्देशूनच बोलावं तसं म्हणाले की भग्न मूर्तीची पूजा शास्त्राला मान्य नाही. खंडित झालेली मूर्ती केवळ अवशेष असते, तिच्यात देवत्व राहत नाही. वकिलांनी मान डोलावली.

मी इतका वेळ गप्प होते, हे माझ्या ओळखीच्या कोणालाही खरं वाटणार नाही.

"माधवराव," मी म्हटलं, "हिच्यात देवत्व नाही, तर हिचा नवस चुकला कसा? आणि नवस चुकलाच नसेल, तर वहिनींनी नवरा घालवला असं तुमच्या घरात पाच वर्षं कशाच्या आधारावर म्हणतात?"

माधवरावांचे कान लाल झाले. हा घरचा विषय आहे, चारचौघांत नको, असं ते पुटपुटले. मग त्यांना दुसरं शास्त्र सापडलं. ते म्हणाले, तेही सोडा, पण वहिनींच्या हातून आता ओटी कशी... आणि वाक्य तिथंच सोडून दिलं. पुढचं सगळ्यांना कळलं. पद्मावहिनींचं कपाळ मोकळं होतं.

घटकाभरापूर्वी जी देवी नव्हतीच, ती आता विधवेच्या हातानं बाटायला मात्र देवी झाली होती. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. तेवढ्यात छत्रीवाल्या काकू गोड हसून पुढे आल्या. त्यात काय एवढं, म्हणाल्या, मी सवाष्ण आहे, मी भरते यांच्या वतीनं. आणि त्यांनी खणासाठी दोन्ही हात पुढे केले. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, हे मला ठाऊक आहे. त्याचीच मला जास्त चीड आली.

पद्मावहिनींनी खण पुढे केला. काकूंची बोटं त्याला लागली, आणि तेव्हा वहिनींनी तो मागे घेतला.

"नवस मी बोलले होते," त्या म्हणाल्या.

दिवसभरात त्या एवढंच मोठ्यानं बोलल्या. काकूंचे हात तसेच राहिले. माधवराव गाभाऱ्याच्या दारात उभे होते, ते बाजूला होईनात. तेव्हा झुंबरबाई गुडघ्यावर हात टेकून उठली.

"मी रोज हिला न्हाऊ घालती, कुकू लावती," ती माधवरावांना म्हणाली. "माजा मालक जाऊन लय वर्सं झाली. हिनं कवा माजा हात झिडकारला न्हाई. आन झिडकारायला हिला हात तरी कुटं हाईत? सरका, बाईला आत येऊं द्या."

माधवराव सरकले. पद्मावहिनी आत गेल्या. ओटी घ्यायला देवीला हात नव्हते, म्हणून त्यांनी खण तिच्या मांडीवर पसरला, त्यावर नारळ ठेवला, तांदूळ ठेवले. हात जोडून त्या बराच वेळ उभ्या राहिल्या. काय बोलल्या ते मी विचारलं नाही. मग झुंबरबाईनं आपल्या रोजच्या रिवाजाप्रमाणे तोच नारळ आणि मूठभर तांदूळ उचलले आणि पद्मावहिनींना पदर पसरायला सांगितला. यजमान गेल्यापासून त्यांच्या पदरात असं कोणी काही घातलं नव्हतं. त्यांना आधी कळलंच नाही. मग त्यांनी पदर पसरला.

माधवरावांनी घड्याळ काढलं, उशीर होतोय म्हणाले आणि मंडळींना मागची बारव दाखवायला घेऊन गेले. आम्ही दोघींनी बारव पाहिली नाही. झुंबरबाईनं दिलेलं पाणी पीत चौथऱ्यावर बसून राहिलो.

परतताना आमच्या गाडीत कोणी बसलं नाही. काकू आपली छत्री घेऊन दुसऱ्या गाडीत गेल्या. आम्हाला पाय पसरून बसता आलं, एवढा त्या मंडळींचा उपकार मी मानते. नदी पुन्हा आली आणि बैलांनी पुन्हा पाणी पिऊन घेतलं.

तळेगावला घराशी आलो तेव्हा अंबूबाई देवापुढे बसून समईत तेल घालत होत्या. मी मुद्दामच पद्मावहिनींच्या मागोमाग आत गेले. आज काही बोलल्या तर माझा तोफखाना भरून तयार होता. माधवराव ओसरीवर बूट सोडत होते, आणि एरवीपेक्षा त्यांना फारच वेळ लागत होता.

पद्मावहिनींनी नारळ सासूबाईंपुढे ठेवला. कुठला, म्हणून त्यांनी विचारलं. देवीचा, पद्मावहिनी म्हणाल्या, ओटी भरून आले. अंबूबाईंच्या हातातली तेलाची बुधली तशीच राहिली. आता विधवेच्या ओटीचा विषय निघणार म्हणून मी तोंड उघडलं, पण त्यांनी वेगळंच विचारलं.

"कधी निघालीस?"

"सकाळच्या गाडीनं."

"आणि मुक्काम?"

"मुक्काम नाही, सासूबाई."

"नदी?"

"गुडघ्याएवढीसुद्धा नाही."

अंबूबाईंनी बुधली खाली ठेवली. समई अजून लावलेली नव्हती. बाहेर उजेड होता. त्यांनी तो दारातून पाहिला, मग माधवरावांना हाक मारली. ते दाराशी येऊन उभे राहिले.

"माधवा, दोन मुक्काम म्हणाला होतास."

माधवराव म्हणाले, तेव्हाची गोष्ट वेगळी होती, आता रस्ता जरा सुधारलाय.

"आणि देऊळही जवळ सरकलं का रे?"

जगातल्या सगळ्या देवळांची माहिती असलेल्या त्या माणसानं, काहीतरी करायचं म्हणून, नारळ वाढवायला हात पुढे केला. घरात नारळ पुरुषानंच वाढवायचा. अंबूबाईंनी तो त्यांच्या हाती दिला नाही. सुनेच्या हातात ठेवला आणि म्हणाल्या, तू वाढव.

त्यांनी माफी मागितली नाही. सासूनं सुनेची माफी मागायची रीत त्या घरात नव्हती, कुठल्याच घरात नव्हती, आणि त्या रीतीचा मला अजूनही संताप येतो. पण भिंतीपलीकडून ते वाक्य मला पुन्हा कधी ऐकू आलं नाही.

पद्मावहिनींनी आयुष्यात कधी नारळ फोडला नव्हता. पायरीच्या दगडावर त्यांनी तो दोनदा आपटला, तरी फुटेना. माधवराव मदतीला वाकले.

"राहू दे," अंबूबाई म्हणाल्या. "एका दिवसाचं काम होतं. ते तुझ्यानं झालं नाही."

तिसऱ्या वेळेला नारळ फुटला.