सात मिनिटं

वीज कंपनीच्या फाटकावरच्या फळ्यावर रोज सकाळी आकडा बदलायचा: अपघाताविना दिवस इतके. उंट गेला त्या दिवशी तो ४१२ होता. त्याला स्मशानात पोचवून लाइनमन तिसऱ्या दिवशी कामावर आला, तर फळ्यावर ४१४.

"स्वतःच्या निष्काळजीपणाने झालं की ते आपण धरत नाही," सुरक्षा साहेब म्हणाले. "बसा."

उंट म्हणजे लाइनमनचा मेहुणा, धाकट्या बहिणीचा नवरा. उंची अशी की शिडीच्या वरच्या दोन पायऱ्या त्याला कधी लागल्याच नाहीत. बारा वर्षं दोघं एका खांबावर.

पूर्वी लाइन बंद केली की सबस्टेशनातल्या स्विचला प्रत्येकाने आपापलं कुलूप घालायचं. माणसं दोन, तर कुलपं दोन. दुसरा उतरून आपली किल्ली लावेपर्यंत लाइन चालू करायची कोणाच्या बापाची हिंमत नव्हती. मग कंपनीला कार्यक्षमतेचं वेड लागलं. कुलपापायी दर कामाला वीस मिनिटं जातात, असं थंड खोलीत बसून कोणीतरी शोधून काढलं. कुलपं पोत्यात भरून गेली, हातात मोबाइल आले. काम झालं की 'काम पूर्ण' दाबायचं, मग सबस्टेशनातला म्हातारा लाइन चालू करणार. त्याला सात मिनिटं लागायची. आधी चष्मा शोध, मग वहीत लिही, मग दांडा ओढ. ठरल्या वेळेच्या वर गेलं की नाव भिंतीवर लाल शाईत. म्हणून सगळेच सात मिनिटं आधी दाबायचे. साहेबांना हे ठाऊक होतं. शाबासकीची पत्रं तेच वाटायचे.

त्या दिवशी काम संपलं, तारा जमिनीला जोडणारी अर्थिंगची साखळी काढली, दोघं उतरले.

"पक्कड वर राहिली की," उंट म्हणाला. हत्यार हरवलं तर नोटीस. "दादा, तू दाब, मी आलोच. म्हातारा अजून चष्माच शोधत असेल."

दोघं हसले. तो चढला. लाइनमनने दाबलं.

म्हाताऱ्याला त्याच सकाळी घरी बसवलं होतं. त्याच्या जागी यंत्र आलं होतं. यंत्राला चष्मा लागत नाही. हे खांबावरच्यांना सांगायचं कोणाला सुचलं नाही.

साहेबांनी टाइप केलेला कागद पुढे सरकवला. मयत परवानगी न घेता, हातमोजे न घालता चढला.

"सही करा. तुमच्याच भल्याचं आहे. नाहीतर बटण कोणी दाबलं, हे निघेल."

"आणि माझ्या बहिणीला?"

"मयताची चूक असेल तर नियमात भरपाई बसत नाही हो."

कागद खिशात घालून तो बहिणीकडे गेला. ती नवऱ्याचा डबा घासत होती. घासलेलाच डबा पुन्हा. त्याने काही न लपवता सगळं सांगितलं.

"ते वर आहेत हे तुला माहीत होतं?"

"हो."

"तरी दाबलंस."

"रोजच दाबत होतो गं."

"तू वर असताना यांनी दाबलंय कधी?"

"कितीतरी वेळा."

तिने नळ बंद केला.

"मग खरं लिही. कुलपांचंही लिही. यांच्या माथी मारू देऊ नकोस." मग मागे न वळता म्हणाली, "आणि दादा, थोडे दिवस इकडे येऊ नकोस. तुझ्यावर राग धरायचा नाही असं मनाला सांगते, पण ते ऐकत नाही."

दुसऱ्या दिवशी त्याने स्वतःच्या हाताने चार पानं लिहून दिली. पहिलं वाक्य होतं, 'बटण मी दाबलं.' साहेबांनी तेवढंच वाचलं आणि त्याला घरी बसवायचा कागद काढला. उरलेली पानं त्यांनी उलटलीसुद्धा नाहीत. चारही पानांची एक प्रत मात्र लाइनमनच्या शर्टात होती, कामगार कोर्टासाठी.

स्टोअरच्या खिडकीत त्याने पट्टा, शिरस्त्राण, मोबाइल जमा केला. कारकुनाने यादीवर बोट फिरवलं.

"मयताच्या नावावर एक पक्कड दिसते."

"वर आहे. खांबावर."

"जमा नाही ना? मग हरवली लिहितो."

"हरवली नाही," लाइनमन म्हणाला. "कुठे आहे ते मला ठाऊक आहे."

कारकुनाने 'हरवली' लिहिलं.